सिनेमात न आलेले गुरुजी

आमच्या गुरुजींना सरळ एक वाक्य बोलता येत नसे. 'पाणी' म्हणायचं झालं तर 'प' ओठांवर अडकून बसायचा. गुरुजींची मान जरा वर जायची, डोळे मिटायचे, गळ्याची शीर ताठ व्हायची, आणि शब्द बाहेर पडेपर्यंत समोरचं पोर तांब्या भरून घेऊन आलेलंही असायचं. पण तेच गुरुजी गायला लागले की एक अक्षर कुठे अडखळत नसे. बांध फोडल्यावर वरच्या खाचरातलं पाणी खालच्या खाचरात उतरावं, तसा त्यांचा आवाज वर्गभर पसरायचा. म्हणून ते शाळेत फारसं बोलतच नसत. हजेरी गायचे, पाढे गायचे, नद्यांची नावं गायचे, 'पाट्या काढा' हेसुद्धा गायचे. आम्हाला वाटायचं, शाळा म्हणजे अशीच असते.

त्यांच्यावर पुढे सिनेमा निघाला. तुमच्यातल्या काहींनी तो पाहिलाही असेल. त्यात गुरुजींचं काम केलेल्या नटाचा आवाज भारदस्त, खर्जातला. शेवटी तो भर सभेत उभा राहून असं भाषण करतो की सभाही रडते आणि थिएटरही. सिनेमा वाईट होता असं मी म्हणणार नाही. मीसुद्धा पदर डोळ्यांना लावला होता. पण तो माणूस आमचा नव्हता. आमचे गुरुजी त्या सभेत एक शब्द बोलू शकले नव्हते, आणि जे झालं ते त्यांच्या न बोलण्यातून झालं. ते मला आठवतं तसं सांगते. इतक्या वर्षांनी आठवणी धुकट झाल्या आहेत. काही गोष्टी खरंच घडल्या, की त्या गाणाऱ्या वर्गात डुलकी लागली असताना मी त्या पाहिल्या, हे मला आता नक्की सांगता यायचं नाही. मोठ्या गोष्टी मात्र आईनेही तशाच सांगितलेल्या आहेत.

आमची वाडी कर्जतच्या पुढे, घाटाच्या पायथ्याशी. भातखाचरं संपतात आणि रान सुरू होतं तिथे. जिल्ह्याचं नाव तेव्हा कुलाबा होतं. मोठं गाव नदीच्या पलीकडे. आमच्या बाजूला मारुतीचं देऊळ आणि देवळाला टेकून कौलारू शाळा. एक खोली, एक मास्तर, चार इयत्ता. वर डोंगरात गाड्या चढायच्या. मागून इंजिन लावून रेटत नेलेली गाडी ठाकुरवाडीपाशी पोचली की तिचा आवाज थांबायचा, जणू ती दम खायला बसली आहे. मग पुन्हा घरघर सुरू व्हायची आणि बोगद्यात विरून जायची. गुरुजी त्या घाटाच्या वरचे. बायको-मुलं वरच, आणि हे एकटे इथे देवळाच्या पडवीत राहून हाताने भात शिजवून खायचे. बाजरीच्या भाकरीची त्यांना फार आठवण यायची. आई कधी तांदळाची भाकरी पाठवायची. ती हातात घेऊन ते आधी नुसती बघत बसायचे, चंद्राकडे बघावं तसे. मग मान हलवायचे आणि गात म्हणायचे, "गोरी आहे, गोरी आहे, पण माझी काळी बरी." आम्ही पोरं हसून लोळायचो.

मी शाळेत गेले तेव्हा बोलत नव्हते. म्हणजे जन्मापासून मुकी नव्हते. चांगली चुरूचुरू बोलणारी होते म्हणे. भाद्रपदात वडील काविळीने गेले आणि माझं बोलणं बंद झालं. का, ते मला सांगता येत नाही. आठवतं ते एवढंच की शब्द आत असायचे, अगदी स्वच्छ असायचे, विहिरीच्या तळाला पडलेली भांडी दिसावीत तसे. पण ते वर काढायला हात पुरत नव्हता. आईने भगत केला, कर्जतच्या डॉक्टरला दाखवलं, कोणी सांगितलं म्हणून मध चाटवला. येणारी-जाणारी प्रत्येक बाई माझी हनुवटी धरून म्हणायची, "बोल गं सुमन, एकदा आये म्हन." जितकं ते 'बोल बोल' करत, तितकी मी आत जायचे. शेवटी आईने मला शाळेत नेऊन बसवलं. "शिकली नाय तरी चालंल," ती गुरुजींना म्हणाली, "पन पोरांत बसू दे तिला."

गुरुजींची हजेरी भूपाळीच्या चालीवर असायची. ते नाव गायचे आणि पोर त्याच सुरात 'हजर' म्हणून ओळ पुरी करायचं. "सखाराम भिवाऽ" की "हजर गुरुजीऽ". "पार्वती बाळूऽ" की "हजर गुरुजीऽ". माझं नाव आलं तेव्हा त्यांनी ते तसंच गायलं, आणि थांबले. माझी ओळ रिकामी गेली. पण ती त्यांनी गाळली नाही. बाकीच्यांच्या ओळीला लागायचा तेवढाच वेळ ते थांबले आणि मग पुढचं नाव घेतलं. दुसऱ्या दिवशी तसंच. पावसाळा संपला, भातं कापली गेली, खळी झाली, तरी माझी रिकामी ओळ रोज त्या गाण्यात असायची. त्यांनी मला कधी 'बोल' म्हटलं नाही. एकदा मोठ्या वर्गातला एक मुलगा ओरडला, "गुरुजी, ती मुकी हाय, तिचं नाव कशाला घेता?" तेव्हा गुरुजींनी त्याच्याकडे पाहिलं. मान वर गेली, डोळे मिटले, आणि कितीतरी वेळाने शब्द आला, "ये-ये-येईल."

हा त्यांचा ठरलेला शब्द. पोराला पाढा येईना, गणित सुटेना, अक्षर वळेना, की ते म्हणायचे, "येईल." आणि खरंच वाट बघत बसायचे. आम्ही पोरंही त्यांच्यामुळे वाट बघायला शिकलो होतो. बोलताना त्यांचा शब्द अडकला की ते खिडकीतून डोंगराकडे बघायचे. मग सगळा वर्ग खिडकीतून डोंगराकडे बघायचा. सुळक्यावरून ढग सरकताना, घार एका जागी तरंगत राहिलेली, समोरच्या आंब्यावरून शेकरू उडी घेताना, असं काय काय आम्ही त्या वेळात पाहिलं. तोवर गुरुजींचा शब्द यायचा, आणि तो काय होता याच्याशी कोणाला फारसं देणंघेणं राहिलेलं नसायचं.

थंडीतली एक सकाळ होती. खोलीत धुकं शिरलं होतं; पुढच्या रांगेतली डोकी तेवढी दिसत होती. गुरुजींनी माझं नाव गायलं. थांबले. आणि त्या थांबलेल्या जागेत मला कोणाचा तरी बारीक, गंजलेला आवाज ऐकू आला, "हजर गुरुजीऽ". तो माझा होता, हे मला सगळ्यांच्या माना माझ्याकडे वळल्यावर कळलं. गुरुजींनी शाबासकी दिली नाही, जवळ घेतलं नाही, काहीही केलं नाही. त्यांनी पुढचं नाव घेतलं. फक्त ते नाव त्यांनी दोनदा घेतलं, आणि सखारामही बिचारा दोनदा हजर झाला.

त्या गाण्यांचं वेड नुसतं पोरांना नव्हतं. शाळेला दारं होती, पण ती लावल्याचं मला आठवत नाही. पाढे भलरीच्या, म्हणजे शेतातल्या कामाच्या गाण्याच्या, ठेक्यावर असायचे आणि ते थेट खाचरांत जायचे. भाताची रोपं, म्हणजे आवण, लावणाऱ्या आणि तण काढत बेणणी करणाऱ्या बायका त्याच ठेक्यावर हात चालवायच्या. आईला पंधराचा पाढा घडाघडा म्हणता यायचा. पंधरा म्हणजे नेमके किती, हे ती मला विचारायची.

आणखी एक गोष्ट आईनेच प्रथम पाहिली. गुरुजी संध्याकाळी आमच्या गोठ्यापाशी दूध घ्यायला यायचे. एकदा आई पलीकडे गोवऱ्या थापत होती आणि तिला गुरुजींचा आवाज ऐकू आला. ते आमच्या म्हशीशी बोलत होते. गात नव्हते, साधं बोलत होते. "आज ऊन फार होतं गं. पोरं पार सुकून गेली. तू कशी आहेस?" असं सगळं, एकही अक्षर न अडखळता. आई तशीच भिंतीआड बसून राहिली. घरी येऊन मला म्हणाली, "म्हशीला घाई नसते ना गं, म्हनून बोलतात तिच्याशी."

आता अण्णांबद्दल सांगायला हवं. सिनेमात त्यांना पिळदार मिशा आणि हातात चाबूक दिला आहे. खरे अण्णा नदीपलीकडच्या गावचे जुने, मानाचे शेतकरी, अंगाने बारीक, बोलायला मऊ. शाळेच्या कमिटीवर होते. दर वर्षी पहिला उतरलेला आंबा गुरुजींकडे पाठवायचे. त्यांचा नातू दत्तू आमच्याच शाळेत होता, कारण त्याची आई आमच्या वाडीची आणि तो आजोळीच वाढत होता. तर हा दत्तू एकदा अण्णांकडे राहायला गेला आणि "आ-आ-आजोबा" म्हणाला. दुसऱ्या दिवशी "भ-भ-भात" म्हणाला. अण्णांनी आधी दटावलं, मग समजावलं, मग ते घाबरले. एकुलता नातू. वाडीत कुजबुज सुरू झाली की मास्तरांचं दुखणं पोरांना लागतंय. अण्णांनी वरती शिक्षण खात्याकडे अर्ज केला. त्यात गुरुजींबद्दल वाईट काही नव्हतं म्हणे. माणूस सज्जन आहे पण त्याला दुसरीकडे न्यावं, एवढंच. पण वरच्यांना आमची शाळा तशीही जड होत होती. पोरं थोडी, मास्तर यायला तयार नसत. मास्तर काढायचा तर शाळाच पलीकडच्या गावच्या शाळेत मिळवून टाकू, असं ठरायला लागलं. पलीकडे म्हणजे नदी ओलांडून. मुलगे गेले असते. मुलींना कोण धाडणार होतं? पार्वतीच्या बापाने तर आदल्या आठवड्यातच सांगून टाकलं होतं, की शाळा गेली तर पोरगी गुरांमागे.

दत्तूची गोष्ट गुरुजींच्या कानावर गेली त्या दिवशी ते पांढरेफटक पडले. मला तो चेहरा आठवतो. त्यानंतर त्यांनी गाणं बंद केलं. हजेरी पाटीवर खुणा करून घ्यायला लागले, पाढे लिहायला लावायचे. खोलीत पेन्सिलींची किरकिर तेवढी ऐकू यायची. खाचरातल्या बायका एकमेकींना विचारायला लागल्या, शाळेला सुट्टी हाय काय?

मग खात्याचे साहेब आले. जीप नदीपर्यंत, पुढे बांधावरून चालत. सकाळची वेळ, देवळापुढचं अंगण सारवलेलं, साहेबांना खुर्ची, अण्णांना घोंगडी. पुरुष पुढे, बायका मागे भिंतीला टेकून, आम्ही पोरं देवळाच्या पायऱ्यांवर. साहेब भला माणूस होता. सिनेमात त्याला टेबल आपटताना दाखवलंय, तसलं काही त्याने केलं नाही. त्याने अण्णांचं म्हणणं ऐकलं, मान डोलावली, आणि गुरुजींना म्हणाला, "तुमचंही ऐकायचंय मला. सावकाश सांगा. घाई नाही."

गुरुजी उभे राहिले. टोपी नीट केली. मान वर गेली, डोळे मिटले.

"म… म… म…"

सगळं अंगण थांबलं. आम्हाला थांबायची सवय होती, म्हणून आम्ही डोंगराकडे बघितलं. वर गाडी चढत होती. ती ठाकुरवाडीला थांबली, दम खाऊन पुन्हा निघाली, बोगद्यात शिरली, तरी गुरुजींचा 'म' सुटला नव्हता. त्यांच्या कपाळावरून घाम ओघळत होता. कोणी हसलं नाही, हे मी आमच्या वाडीच्या बाजूने आवर्जून सांगते. शेवटी पार्वतीला राहवलं नाही. ती पायरीवरून ओरडली, "गुरुजी, चालीत सांगा! चालीत म्हना ना!"

गुरुजींनी डोळे उघडले. तिच्याकडे पाहिलं आणि नकाराची मान हलवली. पुन्हा डोळे मिटले. "म… म…"

ते का गायले नाहीत, हे मी त्यांना पुढे मोठी झाल्यावर विचारलं होतं. ते म्हणाले, "ग-गाणं पोरांचं. साहेबापुढे ग-गायलो असतो तर ती भीक झाली असती."

तेवढ्यात मागून बांगड्या वाजल्या. माझी आई उभी राहिली होती. वडील गेल्यापासून चार माणसांत न येणारी, पुरुषांसमोर कधी तोंड न उघडलेली माझी आई. तिने पदर कपाळापर्यंत ओढला होता आणि तिचा हात भिंतीवर होता.

"सायेब, मी बोलू का?"

साहेब म्हणाला, "बोला बाई."

"मी शिकलेली नाय. चुकलं तर सांभाळून घ्या. ती बघा, ती पायरीवर बसलीय ती माजी पोर. तिचा बाप गेला नि तिची वाचा गेली. सगळी दुनिया तिला सांगत व्हती, बोल गं, बोल गं. मी बी सांगत व्हते. मारलं बी एकदा. नाय बोलली. ह्यो एकटाच मानूस तिला बोल म्हनाला नाय. रोज तिचं नाव घ्यायचा नि थांबायचा. रोज. आनी एक दिस ती बोलली." आईचा आवाज कापायला लागला, पण ती खाली बसली नाही. "सायेब, बोलनारे मास्तर तुमाला पुष्कळ मिळतील. आमच्या पोरांसाठी थांबनारा कोन मिळंल का?"

साहेब थोडा वेळ जमिनीकडे बघत होता. मग त्याने दत्तूला पुढे बोलावलं आणि विचारलं, "बाळ, पाढा येतो का एखादा?" दत्तूने हाताची घडी घातली आणि तेराचा पाढा भलरीच्या ठेक्यावर सुरू केला. कितीतरी दिवसांनी अंगणात ते गाणं ऐकू आलं. तो कुठेही अडखळला नाही. "वा," साहेब म्हणाला, "आता नाव सांग तुझं."

"द-द-दत्तू."

"हे असं बोलायला कोणी शिकवलं तुला?"

दत्तूने छाती काढून गुरुजींकडे बोट दाखवलं. "कोनी नाय शिकवलं. मी मोठा झालो का गुरुजी होनार हाय. म्हनून आतापासून तसं बोलतो."

आधी पोरं हसली, मग बायका, मग साहेब. अण्णा हसले नाहीत. त्यांनी नातवाला जवळ ओढलं, त्याच्या डोक्यावर हात ठेवला आणि धोतराच्या सोग्याने डोळे पुसले. "माजंच चुकलं, सायेब," ते म्हणाले, "माजा अर्ज मला परत द्या." साहेबाने अर्ज परत दिला आणि शाळा इथेच राहील असं सांगितलं. गुरुजी मात्र अजून उभेच होते. ते एकदा अण्णांकडे बघत होते, एकदा आईकडे. मग ते वळले आणि शाळेच्या खोलीत निघून गेले. आम्हाला वाटलं, आनंदाने रडायला गेले. दुसऱ्या दिवशी हजेरी पुन्हा गाण्यात झाली.

गुरुजी मी चौथी होईपर्यंत होते आणि त्यानंतरही काही वर्षं. मी पुढे कर्जतला शिकायला गेले. नदी होतीच, पण तोवर आईला माझ्या शाळेचा असा काही अभिमान चढला होता की पाणी वाढलं की ती स्वतः मला पलीकडे पोचवायला यायची. मॅट्रिक झाले आणि खोपोलीला टेलिफोन एक्स्चेंजमध्ये ऑपरेटर म्हणून लागले. दिवसभर कानाला हेडफोन आणि तोंडाने "हॅलो, नंबर सांगा". हे गुरुजींना कळवलं तेव्हा ते इतके खूश झाले की म्हणे त्यांनी गावभर पेढे वाटले. त्यांची बदली झाली, पुढे ते निवृत्त होऊन घाटावर आपल्या गावी गेले. दिवाळीला कधी मी जायचे, कधी ते यायचे. दत्तू मास्तर झाला नाही, टेंपो चालवायला लागला. बोलतो मात्र खणखणीत.

सिनेमाचं असं झालं. मुंबईचा एक लेखक डोंगरात भटकायला आला होता. पावसाने अडकला आणि आमच्या घरी राहिला. आईने त्याला चुलीपुढे बसवून ही सगळी गोष्ट सांगितली. तो 'हो, हो' म्हणत राहिला. फार भारावला होता. मग गुरुजींनाही जाऊन भेटला. आणि दोन-तीन वर्षांत सिनेमा आला. खोपोलीच्या टॉकीजला लागला तेव्हा मी आईला घेऊन गेले. तिचा तो पहिला सिनेमा. अंधारात ती माझा हात धरून बसली होती. पडद्यावर धुकं होतं, डोंगर होते, आमच्याहून मोठी शाळा होती. लहान मुकी मुलगी होती, तिला आईच नव्हती. आणि शेवटी सभेत तो देखणा नट उठला आणि त्याच्या भारदस्त आवाजात म्हणाला, "बोलणारे मास्तर पुष्कळ मिळतील तुम्हाला! या मुलांसाठी थांबणारा कोणी मिळेल का?" टॉकीजमध्ये टाळ्या पडल्या. मी चटकन आईकडे बघितलं. पडद्याचा उजेड तिच्या चेहऱ्यावर होता. ती माझ्या कानाशी वाकली आणि म्हणाली, "गं सुमन, ह्यो मास्तर लय बोलतो."

घरी परतताना मी चिडले होते. तुझे शब्द त्याच्या तोंडात घातले, तुला काढूनच टाकलं, असं काय काय बडबडत होते. वाटेत शिळफाट्याला उतरून आईने कांदेबटाटे घेतले, आणि विषय संपला.

त्यानंतर वर्षाच्या आत गुरुजी गेले. झोपेतच गेले, त्यांचा मुलगा सांगायला आला होता. पण जाण्याआधी ते एकदा आमच्याकडे आले होते, आणि ती दुपार मला सांगायची आहे.

भातं झोडून झाली होती. आई खळ्यात बसून पाखडत होती, मला सुट्टी होती. बांधावरून छत्री टेकत कोणीतरी येताना दिसलं. ऊन मागून होतं, त्यामुळे नुसती आकृती, आणि ती इतकी सावकाश येत होती की ती आपल्याकडे येतेय की दूर चाललीय ते कळत नव्हतं. जवळ आल्यावर गुरुजी दिसले. फार थकले होते. मी खाट टाकली, पण ते बसेनात. आईपुढे जाऊन उभे राहिले, टोपी काढून हातात घेतली.

"त-ताई, म-माफी मागायला आलोय."

"अगं बया!" आई सूप ठेवून उठलीच. "कसली माफी? आधी बसा बघू."

"सि-सिनेमा. ते शब्द त-तुमचे होते. मी त्या माणसाला स-सांगितलं होतं. त्याने ऐ-ऐकलं नाही. लोक मला हार घालतात, म-मला लाज वाटते."

आई हसली. "बसा वो गुरुजी. आवो, मी बोलले ते त्या दिशी साऱ्या अंगनानं ऐकलं. आता सगळ्या मुलकानं ऐकलं. मानूस कोन का असंना. माजं काय गेलं त्यात?"

गुरुजी बसले. मी चहा आणला. बशीत ओतून ते फुंकर घालत होते, कोंबड्या पाखडलेल्या कोंड्यात टोचे मारत होत्या, वर घाटात गाडी होती. मग आई म्हणाली, "गुरुजी, एक इचारू? लय वरसं मनात हाय. त्या दिशी सायबापुढं तुमी काय सांगनार व्हता?"

हे आम्ही कधीच विचारलं नव्हतं. सगळे धरून चालले होते की 'माझी मुलं', 'माझी शाळा' असंच काहीतरी असणार. सिनेमातल्या भाषणाची सुरुवातही तशीच आहे. गुरुजींनी बशी खाली ठेवली. मान वर गेली, डोळे मिटले. आम्ही थांबलो.

"म… म… मला जाऊ द्या."

आई गडबडली. "आवो, असं काय करता! च्या तरी पुरा घ्या. मी आपलं सहज इचारलं."

गुरुजींनी जोरजोरात मान हलवली. "न-नाही. तेच. त-तेच सांगणार होतो. म-मला जाऊ द्या, साहेब." ते थांबले, आणि मग हळूहळू, तुकड्यातुकड्याने बाकीचं आलं. दत्तूला आपलं दुखणं लागलं असं त्यांना वाटलं होतं. ते फार घाबरले होते. लहानपणी आपल्याला जे सोसावं लागलं ते त्या पोराच्या वाट्याला आलं, तेही आपल्यामुळे, हे त्यांना सहन होत नव्हतं. बिछाना आदल्या दिवशीच बांधून ठेवला होता. साहेबासमोर दोन शब्द बोलायचे आणि संध्याकाळच्या गाडीने वर निघायचं, असं ठरवून ते त्या सभेत उभे राहिले होते.

आईने सूप पुन्हा हातात घेतलं होतं, पण पाखडत नव्हती. "म्हंजे," ती सावकाश म्हणाली, "तुमाला बोलता आलं असतं तर तुमी गेला असता."

गुरुजींनी मान डोलावली.

"नि तुमच्या मागं शाळा बी."

पुन्हा मान डोलावली.

आई त्यांच्याकडे बघत राहिली. मग तिने दोन्ही हात जोडून वर आभाळाकडे केले आणि म्हणाली, "बरं झालं गं बाय, देवानं त्या दिशी ह्यांचं तोंड धरून ठेवलं!"

गुरुजींना आधी ते कळलंच नाही. मग कळलं, आणि ते हसायला लागले. टोपी मांडीवर आपटून, डोळ्यांत पाणी येईपर्यंत हसले. त्यांना तसं हसताना मी कधी पाहिलं नव्हतं. आईही हसत होती, पदर तोंडाला लावून, एखाद्या मुलीसारखी. मी आणखी चहा टाकते असं सांगून आत गेले, आधण ठेवलं आणि चुलीपुढे बसले. बाहेर ती दोघं अजून हसत होती. चहा उतू जाऊन निखारे विझले, तरी मला उठवेना.